डेटाबेस बंद असताना कॉन्फिग वाचायची कशी: आमच्या अहिराणी साइटच्या कामाच्या नोंदी

अमळनेरला माझं ऑनलाइन फॉर्म भरण्याचं आणि झेरॉक्सचं दुकान आहे. दुकान बंद झालं की मी आणि नाना मिळून अहिराणी या खानदेशी बोलीतल्या शब्दांची आणि गाण्यांची एक साइट चालवतो. नाना म्हणजे माझ्या वडिलांचे मित्र, निवृत्त शिक्षक. शब्द त्यांचे, गाणी बहुतेक माझ्या शिरपूरच्या आत्याच्या आवाजात मोबाइलवर रेकॉर्ड केलेली, तांत्रिक बाजू माझी. साइट वर्डप्रेस या साइट बनवायच्या सॉफ्टवेअरवर आहे, ते पीएचपी या भाषेत लिहिलेलं आहे. सगळा मजकूर डेटाबेसमध्ये असतो, आणि डेटाबेसचं नाव, पासवर्ड वगैरे सेटिंगं कॉन्फिग नावाच्या फाइलीत. शेअर्ड होस्टिंग, वर्षाला २,९०० रुपये. एसएसएच (सर्व्हरवर थेट कमांड चालवायची सोय) मिळत नाही. फाइल मॅनेजर, क्रॉन (ठरल्या वेळी स्क्रिप्ट आपोआप चालवणारी सोय) आणि डेटाबेस हाताळायचं पीएचपीमायअ‍ॅडमिन यांवरच सगळं काम.

नोंदी नानाही वाचणार आहेत, म्हणून फाइलींची आणि सेटिंगांची नावं उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहिली आहेत. टाइप करताना ती अर्थातच इंग्रजी अक्षरांत.

३० एप्रिल २०२५, बुधवार (आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया)

सकाळी दहाच्या आसपास साइट पडली. माहेरी आलेल्या लेकी झोक्यावरची आणि गौराईची गाणी शोधत असतात, त्यामुळे वर्षातली सगळ्यात जास्त गर्दी आजच होते. सगळ्या पानांवर एकच ओळ: डेटाबेसशी कनेक्शन होत नाही. नानांचा फोन आला, "बेटा, काय व्हयनं? साइट उघडत नही."

काय झालंय ते कळावं म्हणून मागच्या वर्षी मी एक तपासणी-पान बनवलं होतं. ते उघडलं तर त्यावरही तीच ओळ. पानाच्या पहिल्याच ओळीत मी डब्ल्यूपी-लोड फाइल जोडली होती. ती डब्ल्यूपी-कॉन्फिग उघडते, कॉन्फिगच्या शेवटच्या ओळीतून डब्ल्यूपी-सेटिंग्ज सुरू होते, आणि ती थेट डेटाबेसला हात घालते. म्हणजे डेटाबेसचा पासवर्ड काय आहे एवढं वाचायलाही आधी डेटाबेस चालू असावा लागत होता.

संध्याकाळी सातला साइट आपोआप सुरू झाली. होस्टिंगच्या एरर लॉगमध्ये क्रमांक १२२६ सापडला: एका युजरला एका वेळी जेवढी कनेक्शन वापरायची परवानगी आहे तेवढी संपली. वरचा प्लॅन घेतला तर मर्यादा वाढते, पण खर्च तिप्पट होतो. साइटला उत्पन्न काहीच नाही, तेव्हा तो मार्ग बंद.

ठरवलेलं काम: (१) डेटाबेस नसतानाही कॉन्फिग वाचता यावी, (२) तिच्या आधारावर तपासणी, रात्रीचा बॅकअप आणि पडल्या वेळी दाखवायचं पान चालावं. मुदत कानबाईच्या सणाची. या वर्षी तो सण रविवारी ३ ऑगस्टला आहे.

४ मे

पहिला प्रयत्न शॉर्टइनिटचा. वर्डप्रेस लोड करण्याआधी ही खूण ट्रू केली की ते अर्ध्यावर थांबतं, एवढं माहीत होतं. लॅपटॉपवर एक्सएएमपीपीमध्ये (लॅपटॉपवरच सर्व्हर चालवायचं सॉफ्टवेअर) मायएसक्यूएल, म्हणजे डेटाबेस, बंद करून चालवलं. तीच ओळ.

डब्ल्यूपी-सेटिंग्ज फाइल वरून खाली वाचून काढली तेव्हा कारण दिसलं. शॉर्टइनिट तपासून परत फिरणारी ओळ डेटाबेस जोडण्याच्या ओळीच्या नंतर येते. प्लगइन आणि थीम टाळायला शॉर्टइनिट उपयोगी आहे, डेटाबेस टाळायला नाही. हे समजायला दोन संध्याकाळी गेल्या. कुणी हाच विचार करत असेल तर त्या दोन संध्याकाळी वाचवा.

११ मे

दुसरा प्रयत्न: कॉन्फिग चालवायचीच नाही, साध्या मजकुरासारखी वाचायची आणि पॅटर्न लावून डीबी_नेम, डीबी_यूझर, डीबी_पासवर्ड उचलायचे. दहा मिनिटांत चालू झालं, म्हणून मी खूश झाले आणि थेट सर्व्हरवर टाकलं.

सर्व्हरवर उत्तर आलं, "असा डेटाबेसच नाही." होस्टिंगवाल्यांनी डेटाबेस उडवला असं वाटून तीन तास घालमेल झाली. फोन केला, त्यांचं उत्तर आलं की सगळं जागेवर आहे. मग लक्षात आलं. २०२२ मध्ये होस्टिंग बदललं तेव्हा जुनी डीबी_नेमची ओळ मी पुसली नव्हती, पुढे दोन तिरप्या रेघा मारून तशीच ठेवली होती. पीएचपी ती ओळ सोडून देतं, माझा पॅटर्न सोडत नव्हता. त्याला पहिली सापडली ती जुनी.

ती ओळ पुसून काम चाललं असतं. पण पासवर्डमध्ये अवतरणचिन्ह किंवा उलटी तिरपी रेघ आली की पॅटर्न पुन्हा चुकणार, आणि एखादी किंमत (सेटिंगला दिलेलं मूल्य) दुसऱ्या किमतीवरून तयार होत असेल तर मजकूर वाचून ती कळणारच नाही. कॉन्फिग हा पीएचपीचा प्रोग्राम आहे, तो पीएचपीनेच वाचायला हवा. हा मार्ग सोडला.

१८ मे

धुळ्याला पॉलिटेक्निक करणारा भाचा सुट्टीला आलाय. त्याने लॅपटॉपवर डब्ल्यूपी-सीएलआय (कमांड लिहून वर्डप्रेस हाताळायचं साधन) टाकून दाखवलं: मायएसक्यूएल बंद, तरी 'कॉन्फिग गेट' म्हटलं की डेटाबेसचं नाव हजर. ते कसं करतं हे दोघांनी मिळून पाहिलं. ते कॉन्फिगचा कोड घेतं, त्यातली डब्ल्यूपी-सेटिंग्ज जोडणारी ओळ काढून टाकतं आणि उरलेला भाग चालवतं.

आमच्या होस्टिंगवर डब्ल्यूपी-सीएलआय नाही. पण भाच्याला एक युक्ती सुचली. कॉन्फिगच्या शेवटी असं लिहिलेलं असतं की एबीएसपाथ (वर्डप्रेसच्या फोल्डरचा पत्ता) आधी ठरलेला नसेल तरच ठरव, आणि मग त्या फोल्डरमधली डब्ल्यूपी-सेटिंग्ज जोड. मग आपणच एबीएसपाथ आधी ठरवून टाकायचा, एका वेगळ्या फोल्डरकडे, आणि त्या फोल्डरमध्ये डब्ल्यूपी-सेटिंग्ज नावाची रिकामी फाइल ठेवायची. कॉन्फिग पूर्ण वाचली जाते, शेवटी रिकाम्या फाइलीवर जाऊन थांबते.

लगेच चाललं. मायएसक्यूएल बंद असताना सगळ्या किमती पडद्यावर. त्या रात्री घरी भरीत-भाकरी होती, आम्ही दोघं लॅपटॉप समोर ठेवूनच जेवलो. आई रागावली.

याच रात्रीपासून रोजचा बॅकअप क्रॉनवर लावला. यात पुढे मोठी चूक निघाली.

२७ मे

सहज म्हणून आजची बॅकअपची झिप फाइल उघडून पाहिली. अपलोड्सच्या झिपमध्ये मी घातलेली तारखेची छोटी फाइल होती, बाकी काही नाही. मागच्या नऊही रात्रींच्या झिप तशाच. आत्याचं एकही रेकॉर्डिंग त्यात नव्हतं.

कारण आमच्याच कॉन्फिगमध्ये. डब्ल्यूपी_कंटेंट_डीआयआर (अपलोड्स ज्यात असतात त्या कंटेंट फोल्डरचा पत्ता) ही किंमत मी पूर्वी कुणाचं तरी बघून एबीएसपाथवरून बनवलेली होती. युक्तीमध्ये एबीएसपाथ खोट्या फोल्डरकडे वळवल्यावर कंटेंटचा पत्ताही तिकडेच वळला. स्क्रिप्टला फोल्डर सापडला नाही आणि ती मुकाट्याने पुढे गेली, कारण फोल्डर नसला तर थांबून ओरड, असं मी तिला सांगितलंच नव्हतं.

त्या नऊ दिवसांत सर्व्हर गेला असता तर ८६ वर्षांच्या आत्याची गाणी गेली असती. त्यातली काही ती आता पूर्ण म्हणू शकत नाही. बाकी काम बाजूला ठेवलं आणि पेन ड्राइव्ह घेऊन सगळी रेकॉर्डिंग आधी हाताने उतरवली. मगच झोपले.

स्क्रिप्टमध्ये दोन तपासण्या घातल्या: फोल्डर नसेल तर थांबून मेल पाठव, आणि झिप कालच्यापेक्षा निम्म्याहून लहान असेल तरीही मेल पाठव.

१ जून

युक्ती सोडून मुळातच बदल केला. सरळ आणि टिकणारा मार्ग हाच निघाला:

डेटाबेसची नावं, पासवर्ड, टेबलचा प्रिफिक्स (टेबलांच्या नावाआधी लागणारी अक्षरं), साइटचा पत्ता, गुप्त किल्ल्या (लॉगिन सुरक्षित ठेवणाऱ्या), हे सगळं एका वेगळ्या फाइलीत काढलं. ती पब्लिक_एचटीएमएल या ब्राउझरमधून दिसणाऱ्या फोल्डरच्या बाहेर, एक पायरी वर ठेवली, परवानगी ६०० (फक्त मालकालाच वाचता-लिहिता येईल अशी). या फाइलीत नुसत्या किमती, कुठलंच काम नाही. डब्ल्यूपी-कॉन्फिगमध्ये आता तीनच गोष्टी उरल्या: ती फाइल जोडणं, एबीएसपाथ ठरवणं, डब्ल्यूपी-सेटिंग्ज जोडणं. माझ्या स्क्रिप्ट फक्त किमतींची फाइल जोडतात. कंटेंटचा पत्ताही पूर्ण, शेंड्यापासून बुडापर्यंत लिहून टाकला.

बदल केल्यावर साइट दिसत होती, पण लॉगिन होईना. संदेश असा की अनपेक्षित आउटपुटमुळे कुकी अडवल्या गेल्या. दुकानातल्या जुन्या विंडोजच्या नोटपॅडमध्ये फाइल सेव्ह केली होती. त्याने यूटीएफ-८ निवडल्यावर सुरुवातीला बीओएमची तीन न दिसणारी बाइट घातली. पीएचपी सुरू होण्याआधीच ती बाहेर पडत होती आणि त्यानंतर कुकी पाठवता येत नव्हती. नोटपॅड++ मध्ये 'बीओएमशिवाय' निवडून पुन्हा सेव्ह केलं. दीड तास गेला.

८ जून

ही नोंद नीट वाचा.

१ जूनला बदल करण्याआधी मी जुन्या कॉन्फिगची प्रत तिथेच ठेवली होती, नावाच्या शेवटी 'डॉट बॅक' लावून. आज ब्राउझरमध्ये तो पत्ता टाकून पाहिला. पूर्ण फाइल समोर उघडली, पासवर्डसकट. शेवटी 'डॉट पीएचपी' नसल्याने सर्व्हर ती पीएचपीकडे देत नाही, साधा मजकूर म्हणून मागेल त्याला देतो. आठवडाभर ती उघडी होती. असली नावं शोधत फिरणारे बॉट रोज येतात, आमच्याच लॉगमध्ये त्यांच्या खुणा आहेत.

फाइल उडवली. डेटाबेसचा पासवर्ड बदलला. गुप्त किल्ल्या वर्डप्रेसच्या जनरेटरवरून नव्या घेतल्या, त्यामुळे सगळ्यांचं लॉगिन सुटलं. नानांना पुन्हा लॉगिन कसं करायचं ते फोनवर सांगितलं. युजरच्या यादीत अनोळखी कुणी नाही, हेही तपासलं. प्रत ठेवायचीच असेल तर पब्लिक_एचटीएमएलच्या बाहेर ठेवा.

२२ जून

दोन आठवडे काम नाही. प्रवेशाचे दिवस आहेत, उत्पन्नाचे आणि जातीचे दाखले, दुकानासमोर रांग.

२९ जून

८ तारखेपासून डेटाबेसचा बॅकअप निघत नव्हता. मेल येत होते, पण रांगेपुढे मी ते उघडले नाहीत.

पासवर्ड कमांडच्या ओळीत लिहिला तर सर्व्हरवरच्या इतरांना तो चालू प्रोसेसच्या यादीत दिसू शकतो, म्हणून माझी स्क्रिप्ट कॉन्फिगमधून किमती घेऊन एक तात्पुरती ऑप्शन फाइल बनवते आणि ती मायएसक्यूएलडंपला (डेटाबेसची प्रत काढणारी कमांड) देते. नव्या पासवर्डमध्ये मध्येच हॅशचं चिन्ह होतं. ऑप्शन फाइलमध्ये हॅशनंतरचं सगळं शेरा धरलं जातं, त्यामुळे पासवर्ड अर्धाच पोचत होता. किंमत अवतरणांत घातली, सुटलं.

मग ती फाइल सांगणारा पर्याय कमांडमध्ये सगळ्यात पहिला असावा लागतो, हे कळलं. मी तो तिसरा लिहून बसले होते. मग टेबलस्पेसचं निमित्त करून प्रोसेस नावाचा अधिकार मागू लागलं. शेअर्ड होस्टिंगवर तो मिळत नाही. 'नो-टेबलस्पेसेस' हा पर्याय घातला की मागत नाही. डंप निघाला. लॅपटॉपवर रिकाम्या डेटाबेसमध्ये ओतून पाहिला, 'आंडोर' (मुलगा), 'आंडेर' (मुलगी) ही पानं उघडली, अक्षरं शाबूत. परत ओतून पाहिल्याशिवाय बॅकअप झाला असं आता मी म्हणत नाही.

६ जुलै

तपासणी-पान नव्याने. काम एवढंच: कॉन्फिगमधून किमती घे, जोडून बघ, चूक आली तर क्रमांक फाइलीत लिही. क्रॉनवर नीट चाललं, ब्राउझरमधून चालवलं की कोसळायचं. एकच कोड, दोन निकाल.

क्रॉनचं पीएचपी ७.४ निघालं आणि साइटचं ८.१. ८.१ पासून मायएसक्यूएलआय (पीएचपीची डेटाबेसशी जोडणारी सोय) जोडणी फसली की नुसतं 'नाही' म्हणत नाही, एक्सेप्शन (न पकडल्यास प्रोग्राम थांबवणारी चूक) फेकतं. ती पकडायला ट्राय-कॅच घातलं, क्रॉनमध्ये ८.१ चा पूर्ण पत्ता लिहिला. क्रॉन घरच्या फोल्डरमधून चालतो, म्हणून सापेक्ष पत्ते चुकत होते. ते सगळे डीआयआर (चालू फाइलीच्या फोल्डरचा पत्ता) लावून दुरुस्त केले. हे पान आता बाहेरून उघडतच नाही, दर पाच मिनिटांनी क्रॉन चालवतो आणि लॉग बाहेरच्या फोल्डरमध्ये राहतो.

१३ जुलै

डेटाबेस पडल्यावर दाखवायला गाण्यांच्या स्थिर प्रती हव्यात. आधी टेबलमधून थेट काढायला गेले. 'टेबल नाही' असं उत्तर. टेबलचा प्रिफिक्स ही बाकीच्यांसारखी स्थिर किंमत नाही, साधं व्हेरिएबल आहे. मी किमतींची फाइल एका फंक्शनच्या आत जोडली होती. स्थिर किमती बाहेर मिळाल्या, प्रिफिक्स फंक्शनबरोबर संपला. फाइल फंक्शनच्या बाहेर जोडली.

मग मजकूर निघाला, पण सगळा प्रश्नचिन्हांचा. जोडणी झाल्यावर कॅरॅक्टर सेट सांगायचा राहिला होता. तो कॉन्फिगमधल्या डीबी_कॅरसेटवरून दिला, मराठी दिसू लागली. पण ब्लॉकच्या खुणा आणि शॉर्टकोड तसेच कच्चे. ते सगळं सोडवत बसण्यापेक्षा रात्री अडीचला, साइट जिवंत आणि निवांत असताना, प्रत्येक गाण्याचं पान आपणच मागवायचं आणि तयार पान जसंच्या तसं साठवायचं, असं ठरवलं. दोन पानांमध्ये दोन सेकंद थांबायचं. २१४ गाणी, आठ-नऊ मिनिटं. दिवसभराचा कोड फेकला, त्याचं वाईट वाटलं नाही.

याच दिवशी पाहुणे मोजणारं प्लगइन काढून टाकलं. प्रत्येक पानामागे ते डेटाबेसमध्ये लिहीत होतं. कॅश प्लगइनही लावलं. ते साठवलेलं पान डेटाबेसच्या आधीच देतं, म्हणून बराच भार उतरेल. मग बाकीची खटपट कशाला, असं भाच्याने विचारलं. आमच्याकडे निम्मे लोक शब्द शोधतात, आणि प्रत्येक शोध वेगळा असल्याने तो कॅशमध्ये सापडत नाही.

२० जुलै

डब्ल्यूपी-कंटेंट फोल्डरमध्ये डीबी-एरर नावाची पीएचपी फाइल ठेवली की जोडणी फसल्यावर वर्डप्रेस त्या एका ओळीऐवजी ती दाखवतं. त्या क्षणी कॉन्फिग वाचून झालेली असते, म्हणून आमच्या किमती तिथे आयत्या मिळतात. वर्डप्रेसची बहुतेक फंक्शनं मात्र अजून आलेली नसतात. मी होम_यूआरएल वापरलं आणि पान कोरं आलं. त्याऐवजी कॉन्फिगमधली डब्ल्यूपी_होम किंमत वापरली.

दुसरी गोष्ट सहज नजरेतून सुटते: या फाइलीत आपण काही सांगितलं नाही तर ब्राउझरला २०० जातो, म्हणजे सगळं ठीक. सर्च इंजिन तेच पान खरं समजून साठवू शकतं. फाइलीच्या सुरुवातीला ५०३ (तात्पुरतं बंद) आणि पंधरा मिनिटांनी पुन्हा या, असे हेडर लिहिले.

पानावर गाण्यांची यादी, प्रत्येकाची स्थिर प्रत आणि खाली आत्याचा आवाज. रेकॉर्डिंगच्या फाइली सर्व्हर थेट देतो, त्यांना डेटाबेस लागत नाही. लॅपटॉपवर मायएसक्यूएल बंद करून आत्याचं झोक्यावरचं गाणं लावलं. वाजलं. आखाजीच्या दिवशीही ते वाजू शकलं असतं, फक्त त्याच्यापर्यंत जायला दार नव्हतं.

३ ऑगस्ट, रविवार (कानबाई)

घरी सकाळपासून कानबाईच्या नैवेद्याच्या रोटांची गडबड. कानबाई बसली, मी मोबाइलवर लॉग बघत होते. ११.१० ला पहिला १२२६, ११.३५ ला शेवटचा. तेवढ्या वेळात सर्व्हरच्या लॉगमध्ये स्थिर प्रतींच्या आणि रेकॉर्डिंगच्या मागण्या सतत दिसत होत्या, म्हणजे लोक गाणी ऐकत होते. शोध मात्र त्या पंचवीस मिनिटांत बंद होता, ते अजून जमलेलं नाही. यादीतच शोधता येईल असं काही भाचा दिवाळीच्या सुट्टीत करणार आहे.

दुपारी नानांचा फोन आला. साइट पडल्याचं त्यांना कळलंही नव्हतं. रोटाच्या गाण्यात एका ओळीत 'शे' (आहे) राहून गेलाय, तो घालायचा होता. लगेच घातला. स्थिर प्रतीत तो रात्री अडीचला येईल.